वाड्याच्या पायरीखालून

आमच्या घरात निळू फुले यांचं नाव काढायची सोय नव्हती. कुणी काढलंच, तर आजी हातातलं काम तसंच टाकून उठायची आणि परसात जाऊन म्हशीला उगाच दोन शब्द ऐकवायची. लहानपणी आम्हां पोरांना याची मोठी गंमत वाटे. तिचा राग नट नावाच्या माणसावर नव्हताच, हे कळायला मला कॉलेजात जावं लागलं.

आमचं गाव आंबेगाव तालुक्यात, मंचरच्या पुढे घोड नदीच्या काठाला. आजोळ नदीपलीकडे, जुन्नर तालुक्यातलं नारायणगाव. १९७१ सालची चैत्रातली यात्रा मला अजून लख्ख आठवते. भैरवनाथाच्या देवळामागच्या वावरात तंबूचं टॉकीज आलं होतं. दिवसभर एक जीप भोंगा लावून आसपासच्या वाड्यावस्त्यांवर फिरत होती. रात्री जेवणं उरकली आणि माणसं घोंगड्या-गोणपाटं घेऊन तंबूकडे निघाली. मधोमध दोरी आणि कनात. एका बाजूला पुरुष, दुसऱ्या बाजूला बायका. मशीन एकच होतं, त्यामुळे एक रीळ संपलं की दुसरं चढेपर्यंत अंधार, शिट्ट्या आणि शेंगांच्या टरफलांचा मारा. ज्यांच्याकडे तिकिटाला पैसे नसत ते पडद्याच्या मागून बघत. त्यांच्या सिनेमातली सगळी माणसं डावखुरी.

तमाशाच्या बाबतीत आमचा भाग तालेवार. पण घरंदाज म्हणवणाऱ्या घरांतल्या बायका तमाशाच्या फडाकडे फिरकत नसत. त्यांना तमाशा पहिल्यांदा दिसला तो असा, सिनेमाच्या पडद्यावर, कनातीआडून. त्या रात्री अनंत माने यांचा 'एक गाव बारा भानगडी' लागला होता. चित्रपट १९६८ चा. आमच्यापर्यंत पोचायला तीन वर्षं लागली, आणि तेही लवकरच म्हणायचं. त्यात झेले अण्णा नावाचा एक माणूस येतो. धोतर, टोपी, डोळे अर्धे मिटलेले आणि आवाज घोगरा, सावकाश, जणू प्रत्येक शब्द आधी चघळून मग बाहेर काढतोय. निळू फुले यांचा तो पहिलाच चित्रपट. बायकांच्या बाजूनं कडाकडा बोटं मोडल्याचे आवाज आले. शिव्याही आल्या. आमची आजी मात्र गप्प होती. रीळ बदलायच्या अंधारात ती उठली, आत्याचा हात धरला आणि घरी निघाली. मी मागून रडत गेलो, कारण सिनेमा अर्धाच राहिला होता.

वाटेत आत्यानं विचारलं, "आये, काय झालं गं?"

आजी म्हणाली, "त्यो वरडत न्हाय. आपल्या त्या मानसासारखाच बोलतोय."

'ते माणूस' कोण, हे गावात सगळ्यांना ठाऊक होतं, म्हणून नाव घ्यायची गरज नव्हती. मीही इथे घेत नाही. आजोबा तरणेताठे असताना गेले. पदरात तीन मुलं. एका वाईट वर्षी घरात दाणा उरला नाही, तेव्हा वाड्यावरून दोन पोती बाजरी आली. मागितली नव्हती, आपणहून आली. पोरांना वाड्यावर बोलावून पंगतीला बसवलं गेलं. आजीला 'आमची भैन' म्हटलं गेलं. पुढे एक दिवस एक कागद आला, आणि आजीनं विश्वासानं अंगठा उठवला. विहिरीजवळचा, घरातला एकुलता एक बागायती तुकडा त्या अंगठ्याखाली गेला. कुणी कुणाला धमकावलं नाही. कुणाचा आवाज चढला नाही.

मराठी पडद्यावर तोवर खलनायक नव्हते असं नाही. होते, आणि ताकदीचे होते. पण साधारण रीत अशी की त्यानं मिशीला पीळ द्यावा, डोळे वटारावेत, चाबूक उगारावा. तो आला की प्रेक्षकाला आधीच समजायचं. निळूभाऊंनी यातलं फार काही केलं नाही. ते हळू बोलले. समोरच्याची चौकशी केली. हसले. पान खाल्लं. आणि तेवढ्यात समोरच्याचा कार्यभाग उरकला. ज्या बायकांनी खरा वाडा पाहिला होता त्यांच्या पोटात गोळा आला तो त्या हळू बोलण्यानं.

हे त्यांनी आणलं कुठून, याचं उत्तर मला माझ्या आजोळात सापडलं असं मी समजतो.

नारायणगाव म्हणजे तमाशाची पंढरी. भाऊ-बापू मांग नारायणगावकर यांचा फड इथला आणि भाऊंची मुलगी विठाबाई इथली. यात्रांचा हंगाम जवळ आला की इथे फडांच्या राहुट्या पडतात आणि गावोगावचे पंच येऊन सुपाऱ्या ठरवतात. मामाचं घर रस्त्यालगत, त्यामुळे ही घासाघीस आम्ही ओट्यावर बसून ऐकायचो. मामा स्वतः तमाशाचा दर्दी. तो एकदा म्हणाला होता, की नाचणारीला सगळे बघतात, पण फड चालतो सोंगाड्यावर. सोंगाड्याचं काम काय? गण, गौळण, बतावणी झाली की वग लागतो. वगात राजा असतो, प्रधान असतो, पाटील असतो, आणि त्यांच्या पायाशी हा सोंगाड्या. तो पाटलाची चाल करून दाखवतो, बोलणं करून दाखवतो, आणि माणसं हसून लोळतात. ज्याची नक्कल करायची तो माणूस सोंगाड्यानं जन्मभर खालून पाहिलेला असतो. पायरीखाली उभं राहून, मान वर करून. वरच्या माणसाला खालचा माणूस कधी नीट दिसत नाही; खालच्याला मात्र वरच्याची पापणी लवलेली कळते. कळावीच लागते, कारण त्यावर त्याची भाकरी असते.

निळू फुले या कुळीतले. फडातले नव्हेत, पण लोकनाट्यातले. नीळकंठ कृष्णाजी फुले हे पूर्ण नाव. जन्म १९३० च्या सुमाराचा, पुण्यातला. घर लोखंडाच्या आणि भाजीच्या विक्रीवर चालणारं. कोवळ्या वयात त्यांनी पुण्याच्या लष्करी वैद्यकीय महाविद्यालयात माळीकाम धरलं. पगार महिना ८० रुपये, आणि त्यातले १० रुपये ते राष्ट्र सेवा दलाला देत. हा आकडा वाचला तेव्हा मी थबकलो होतो. आज कुणी पगाराचा आठवा हिस्सा आपल्या चळवळीला देतो का, हा प्रश्न मी स्वतःलाही विचारला आणि विषय बदलला.

सेवा दलाच्या कलापथकानं त्यांना रंगमंचावर आणलं. गावात जायचं, चार माणसं जमवायची, हसवता हसवता काही सांगायचं, असा तो शाहिरी काळ. १९५७ च्या निवडणुकांच्या तोंडावर 'येरागबाळ्याचे काम नोहे' हे लोकनाट्य आलं. पु. ल. देशपांडे यांच्या 'पुढारी पाहिजे'मध्ये ते गाजले. मग 'कथा अकलेच्या कांद्याची' हा शंकर पाटलांचा वग आला आणि त्यानं त्यांना महाराष्ट्रभर फिरवलं. जोडीला राम नगरकर. म्हणजे सिनेमात शिरेपर्यंत हा माणूस जवळपास चाळिशीचा झाला होता, आणि तोवरची वर्षं त्यानं पुढाऱ्यांची, पाटलांची, सरपंचांची टिंगल करण्यात घालवली होती. मग अनंत मान्यांनी त्याला उचलून वाड्याच्या आत नेलं. टिंगल करणाऱ्याला गादीवर बसवलं. सोंगाड्याला पाटील केलं! नक्कल तीच राहिली, हसू तेवढं काढून घेतलं. उरलं ते माझ्या आजीला दिसलं.

पुढची यादी वाचकांना पाठ आहे. १९७१ चा दादा कोंडके यांचा 'सोंगाड्या', १९७२ चा शांतारामबापूंचा 'पिंजरा'. त्याच १९७२ साली रंगभूमीवर विजय तेंडुलकरांचा 'सखाराम बाइंडर' आला. नवऱ्यानं टाकलेल्या बायकांना आपल्या अटींवर घरात ठेवणारा सखाराम निळूभाऊंनी उभा केला. कमलाकर सारंग यांचं दिग्दर्शन, समोर लालन सारंग. त्या नाटकावरून सेन्सॉर, कोर्ट, निदर्शनं, सगळं झालं. मी ते त्या वेळी पाहण्याच्या वयाचा नव्हतो. पाहिलेल्या एका गुरुजींनी मला सांगितलं होतं, की भीती सखारामच्या मारण्याची वाटत नाही. तो मधेच खरं बोलतो, त्याची वाटते.

'सामना' मात्र मी पाहिला, आणि आजीबरोबर पाहिला. जब्बार पटेल यांचा हा पहिला चित्रपट. निर्माते रामदास फुटाणे, लेखन तेंडुलकरांचं. १९७५ साली तो बर्लिनच्या महोत्सवात गेला. त्यातले हिंदुराव धोंडे पाटील म्हणजे सहकारातले बडे प्रस्थ. साखर कारखाना त्यांचा, गाव त्यांचं, माणसं त्यांची. एक दिवस एक दारुडा, फाटका मास्तर त्यांच्या गावात येऊन पडतो. तो डॉ. श्रीराम लागूंनी केला. हिंदुराव त्याला घरी आणतात, खाऊपिऊ घालतात, आपलं साम्राज्य हौसेनं दाखवतात. आणि मास्तर एकच गोष्ट विचारत राहतो, मारुती कांबळे नावाच्या माणसाचं काय झालं ते. बस्स, एवढाच चित्रपट. पण त्या दोघांना समोरासमोर बसवलं की दुसरं काही लागत नाही.

गंमत अशी, की 'सामना' आला तेव्हा आमच्या दोन्ही तालुक्यांत साखर कारखाना नव्हता. बाजरी, कांदा, बटाटा आणि पावसाची वाट पाहणं हीच इथली शेती. कुकडीची धरणं झाली, कालवे निघाले, ऊस आला, मग कारखाने आले. डिंभ्याच्या धरणात तर तालुक्याला ज्याचं नाव आहे ते जुनं आंबेगावच पाण्याखाली गेलं. आम्ही पडद्यावर चेअरमन आधी पाहिला, आणि चिमणी नंतर.

आमच्या गल्लीत दूरदर्शन आलं ते ऐंशीच्या दशकात, शेजाऱ्यांकडे. सुट्टीच्या दिवशीचा मराठी चित्रपट म्हणजे अख्खी गल्ली त्या एका खोलीत. 'सामना' लागला तेव्हा मी मुद्दामच आजीला सांगितलं नाही की कुणाचा आहे. ती दारात बसली. निळूभाऊ दिसले. मला वाटलं, उठणार. पण उठली नाही. हिंदुराव मास्तरला आग्रहानं जेवायला घालतात, तिथे तिनं माझा दंड धरला.

"बघ, बघ. आसंच घालायचा जेवाया," ती म्हणाली. "वाईट मानूस वाईट दिसत न्हाय, बाळा. दिसला असता तर म्या अंगठा दिला असता का?"

चित्रपट संपेपर्यंत ती हलली नाही. मी चित्रपटावर पुष्कळ लिहिलेलं वाचलं आहे. सत्तेची चिकित्सा वगैरे शब्दही वाचले आहेत. आजीच्या त्या वाक्याच्या पुढचं समीक्षण माझ्या तरी वाचनात नाही.

मग १९७९ चा 'सिंहासन'. अरुण साधूंच्या कादंबऱ्यांवरचा. त्यात निळूभाऊ सत्तेच्या गादीवर नाहीत. गादीभोवतीचा खेळ बघणारा पत्रकार दिगू टिपणीस आहेत. मुख्यमंत्री अरुण सरनाईक, त्यांची खुर्ची ओढू पाहणारे अर्थमंत्री लागू. दिगू सगळं बघतो, टिपतो, ओळखतो, आणि शेवटी रस्त्यात वेड्यासारखा हसत सुटतो. पायरीखालून पाहणारा माणूस या एका भूमिकेत उघड दिसतो. माझ्या मते त्यांचं सगळ्यांत अवघड काम हेच. हिंदीत त्यांना अशी संधी क्वचित आली. 'कुली' मोठा होता, पण त्यात त्यांना जागा थोडी. १९८४ च्या 'सारांश'मधला पुढारी गजानन चित्रे मात्र लक्षात राहतो. मुंबईच्या फ्लॅटमधला तो माणूसही वाड्यावरचाच आहे, फक्त धोतर बदललंय.

आता दुसरी बाजू. शंभरावर चित्रपट केले, त्यांतले 'सामना'सारखे किती? बोटांवर मोजावेत इतके. बाकी ठिकाणी तोच सरपंच, तोच पाटील, तीच शाळामास्तरीण, तेच बोलावणं. निर्माता यायचा, धोतर-टोपी पुढे करायचा. घर चालवायचं, नाटकातल्या माणसाला पैसा हवाच. त्यासाठी त्यांना बोल लावणारा मी कोण? पण मराठी सिनेमानं या माणसाला एका ओसरीवर पंचवीस-तीस वर्षं बसवून ठेवलं, हे म्हणायला हरकत नसावी. १९९१ साली त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला तो रंगभूमीच्या अभिनयासाठी, हेही बोलकं आहे.

पडद्याबाहेरचे निळू फुले वेगळेच होते, हे आता सगळ्यांना माहीत आहे. तेव्हा आमच्या गावात नव्हतं. सेवा दल त्यांनी सोडलं नाही. अंधश्रद्धा निर्मूलनाच्या कामात ते डॉ. नरेंद्र दाभोलकरांच्या बरोबर उभे राहिले. आडगावात पूर्णवेळ काम करणाऱ्या कार्यकर्त्यांना महिन्याचं काही मानधन मिळावं म्हणून सामाजिक कृतज्ञता निधी उभा राहिला. त्यासाठी डॉ. लागू आणि निळूभाऊंसारख्या नटमंडळींनी आचार्य अत्रे यांच्या 'लग्नाची बेडी'चे प्रयोग महाराष्ट्रभर केले. हिंदुराव आणि मास्तर एकाच गाडीतून गावोगाव निधी जमवत हिंडले, असं म्हणा ना. गावच्या बायका आपल्याला शिव्या देतात याचं त्यांना वाईट वाटत नसे. ती कामाची पावती समजत.

मी तेव्हा पुण्यात शिकत होतो. अशाच एका कार्यक्रमातला त्यांचा फोटो पेपरात आला होता. साधा शर्ट, हातात कसलासा कागद, चेहऱ्यावर थोडं अवघडलेपण. मी ते कात्रण सुट्टीत घरी नेलं आणि आजीला सगळं सांगितलं. माळीकाम, १० रुपये, कार्यकर्त्यांचं मानधन. तिनं फोटो उजेडाकडे धरून बराच वेळ पाहिला.

"ह्यो बरा मानूस हाय म्हंतोस?"

"हो गं."

"मंग याला आपलं समदं कसं ठावं?"

मला त्या वेळी उत्तर देता आलं नाही. वर मामाचं आणि सोंगाड्याचं जे लिहिलं आहे, ते मला पुष्कळ उशिरा सुचलं. तोवर विचारणारी नव्हती. आजी १९९३ साली गेली. तिच्या पेटीत ते कात्रण निघालं, रेशन कार्डाच्या आणि एका जुन्या सातबाराच्या उताऱ्याच्या मध्ये. तिनं ते का ठेवलं, हे मी आईला विचारलं. आई म्हणाली, "पुरावा म्हणून ठेवलं असंल." आईनं ते हसून म्हटलं की कसं, मला आजही नक्की सांगता येत नाही.

निळूभाऊ १३ जुलै २००९ रोजी पुण्यात गेले. कर्करोगानं. 'गोष्ट छोटी डोंगराएवढी' हा शेतकऱ्यांच्या आत्महत्यांवरचा चित्रपट त्यांच्या अखेरच्या कामांपैकी. त्या दिवशी मंचरच्या बाजारात चहाच्या टपरीवर दोन म्हातारे बोलत होते. एक म्हणाला, "गेला बिचारा." दुसरा म्हणाला, "लई छळलं त्यानं." आणि दोघंही टोपी काढून गप्प बसले.

आज त्यांचं काय उरलंय? एक आवाज उरलाय. यात्रेतल्या ऑर्केस्ट्रात नकलाकार घसा घोगरा करून बाईला वाड्यावर बोलावणारं ते वाक्य म्हणतो आणि मंडप हसतो. मोबाइलवर तेच. लग्नाच्या वरातीत तेच. माझ्या पुतण्याला ती नक्कल झकास जमते. गेल्या वर्षी यात्रेच्या पाहुण्यांत त्यानं ती करून दाखवली, तेव्हा घरच्या बायकाही हसल्या. हसली नाही ती फक्त आत्या. ती आता पंच्याहत्तरीच्या पुढची आहे. १९७१ च्या त्या रात्री आजीनं तिचाच हात धरून तिला तंबूतून बाहेर काढलं होतं. ती पोराला काही बोलली नाही. ताट उचललं आणि मोरीकडे गेली.

मला पोराचा राग आला नाही. त्यानं वाडा पाहिलेलाच नाही. आमच्या गावचा वाडाही आता पडला आहे, चौकात सुबाभळी उगवल्या आहेत. त्या रात्री पाहुणे गेल्यावर मी त्याला आणि त्याच्या दोन मित्रांना बसवून 'सामना' पूर्ण दाखवला. सुरुवातीला कुजबुज होती, काळ्या-पांढऱ्या चित्राची चेष्टा होती. अर्ध्या तासानं फोन खाली गेले. मास्तरला जेवायला घालायचा प्रसंग आला तसं मी आजीचं बोलणं सांगितलं, बाजरीच्या दोन पोत्यांपासून. मित्रांपैकी एक त्याच वाड्याच्या भावकीतला होता. तो मान खाली घालून ऐकत राहिला. मी नाव घेतलं नाही, पण गावात नाव घ्यावं लागत नाही, हे मघाशीच म्हटलं आहे.

सकाळी चहा पिताना पुतण्यानं विचारलं, "काका, तो तुकडा नेमका कुठला?"

आम्ही दोघं चालत गेलो. विहीर आहे, कठडा नवा बांधलाय, पाण्याला मोटर बसवलीय. जमीन मधल्या काळात दोनदा विकली गेली. आताच्या मालकाचा या कशाशी संबंध नाही. त्यानं तारेवर टोमॅटो चढवला होता, माल नारायणगावच्या मार्केटला जायचा होता, क्रेट भरणं चाललं होतं. त्यानं आम्हाला ओळखून हाक मारली आणि पोराच्या हातात पिशवीभर टोमॅटो दिले. पोरानं माझ्याकडे पाहिलं, घेऊ का म्हणून.

"घे," मी म्हटलं. "आणि पैसे दे."

मालक नको नको म्हणत होता. पुतण्यानं ते क्रेटवर ठेवले.